अडगाव ते देवगाव : एल्फिन्स्टनच्या वकिलीचा वऱ्हाडी अध्याय

मुंबईकरांना एल्फिन्स्टन हे नाव महाविद्यालयामुळे आणि रेल्वे स्थानकामुळे ठाऊक आहे. त्यातील स्थानकाचे नाव २०१८ मध्ये बदलून प्रभादेवी झाले. पुणेकरांना तो आठवतो खडकीच्या लढाईमुळे आणि पेशवाईच्या अखेरीमुळे. वऱ्हाडात मात्र हे नाव क्वचितच कोणी घेते. तेल्हारा तालुक्यातील अडगाव, चिखलदऱ्याजवळचा गाविलगड आणि त्या गडाच्या पायथ्याकडील देवगाव या तीन ठिकाणी १८०३ च्या नोव्हेंबर-डिसेंबरात घडलेल्या घटनांनी या माणसाच्या कारकिर्दीला वळण दिले. त्याहून महत्त्वाचे म्हणजे, वऱ्हाडचा धनी कोण हा प्रश्न त्याच तीन आठवड्यांत निकाली निघाला.

माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन याचा जन्म ६ ऑक्टोबर १७७९ रोजी स्कॉटलंडमध्ये झाला. अकराव्या लॉर्ड एल्फिन्स्टनचा तो चौथा मुलगा. मिळकत थोरल्याकडे जाणार आणि धाकट्यांनी आपापली वाट शोधायची, असा त्या घराण्यांचा रिवाज होता. चुलते ईस्ट इंडिया कंपनीचे संचालक असल्याने ही वाट हिंदुस्थानकडे वळली. १७९६ च्या प्रारंभी, वयाच्या सतराव्या वर्षी, तो कलकत्त्यास उतरला. पहिली नेमणूक बनारसची. तेथे त्याला फारसी भाषेची गोडी लागली आणि मरणाचा पहिला अनुभवही तेथेच आला. १७९९ च्या जानेवारीत अवधचा पदच्युत नवाब वजीर अली याने बनारसच्या इंग्रज अधिकाऱ्यांवर हल्ला चढविला. गव्हर्नर जनरलचा प्रतिनिधी चेरी त्यात मारला गेला. एल्फिन्स्टन घोड्यावर बसून निसटला, म्हणून वाचला.

कंपनीच्या नोकरीत त्या काळी दोन वाटा होत्या. एक महसुलाची व न्यायाची, तर दुसरी देशी दरबारांत वकील म्हणून राहण्याची. या दुसऱ्या वाटेवरच्या अधिकाऱ्याला रेसिडेंट म्हणत. आज हे सारे एकाच देशातील वाटले तरी त्या वेळी पुणे, नागपूर, हैदराबाद आणि ग्वाल्हेर ही कंपनीच्या दृष्टीने परराज्ये होती. तेथे राहणारा इंग्रज हा खऱ्या अर्थाने परदेशातील राजदूत होता. तह करणे, बातम्या काढणे, दरबारातील गटतट ओळखणे आणि वेळ येताच फौजेला हाक देणे ही त्याची कामे. १८०१ मध्ये एल्फिन्स्टनला ही दुसरी वाट मिळाली. पुण्याचे रेसिडेंट कर्नल बॅरी क्लोज यांचा सहायक म्हणून तो निघाला.

पुण्यात त्याच्या डोळ्यांदेखत मराठी राज्याची घडी विस्कटली. १८०२ च्या दिवाळीत यशवंतराव होळकरांनी हडपसरजवळ पेशवे व शिंदे यांच्या फौजांचा पराभव केला. दुसरा बाजीराव पळाला आणि ३१ डिसेंबर १८०२ रोजी वसईस इंग्रजांशी तह करून बसला. पेशव्याने परक्या फौजेच्या आधाराने गादी राखावी, हे दौलतराव शिंदे आणि नागपूरचे दुसरे रघूजी भोसले यांना मानवले नाही. दोघांच्या फौजा निजामाच्या सरहद्दीकडे सरकल्या. १८०३ च्या ऑगस्टमध्ये युद्ध पेटले.

दख्खनमधील इंग्रज फौजेचा सेनापती होता मेजर जनरल आर्थर वेलस्ली. हाच पुढे वॉटर्लूचा विजेता ड्यूक ऑफ वेलिंग्टन झाला. त्याच्याबरोबर राजकीय कामासाठी जॉन माल्कम असायचा. परंतु माल्कम आजारी पडला आणि त्याच्या जागी क्लोजचा हा तरुण सहायक पाठविण्यात आला. येणारे वकील, पकडलेली पत्रे, हरकाऱ्यांनी आणलेल्या बातम्या हे सारे त्याच्या हातून वेलस्लीपर्यंत जाई. २३ सप्टेंबरच्या असईच्या लढाईत तो वेलस्लीच्या बरोबर घोड्यावर होता. वय अद्याप चोविसाच्या आत.

तहाची बोलणी आणि तोफांचा मारा

असईनंतर युद्धाचे तोंड वऱ्हाडकडे वळले. कर्नल स्टीव्हन्सनने ऑक्टोबरमध्ये बऱ्हाणपूर व असीरगड घेतले होते. आता भोसल्यांचे बळ मोडायचे तर गाविलगड घेणे आवश्यक होते. वेलस्लीची फौज अजिंठ्याचा डोंगर उतरून आजच्या बुलडाणा-अकोला भागातून उत्तरेकडे सरकू लागली.

येथे जे घडले ते तह आणि युद्ध यांची सीमारेषा किती पुसट असते, हे दाखविणारे आहे. २३ नोव्हेंबर १८०३ रोजी शिंद्यांच्या वकिलांनी वेलस्लीबरोबर युद्धतहकुबीचा करार केला. शिंद्यांच्या फौजेने एलिचपूरच्या, म्हणजे आजच्या अचलपूरच्या, पूर्वेस दूर अंतरावर जाऊन राहावे, अशी त्यात अट होती. भोसले या करारात नव्हते. प्रत्यक्षात शिंद्यांचे घोडदळ ठरलेल्या जागी गेलेच नाही. ते भोसल्यांच्या छावणीपासून दोन कोसांवर होते. २९ नोव्हेंबरला वेलस्ली अडगावच्या दिशेने निघाला, तेव्हा शिंद्यांच्या वकिलांनी हल्ला न करण्याविषयी त्याला पुनःपुन्हा विनविले. भोसल्यांशी तहकुबी झालेलीच नाही आणि शिंद्यांनी अट पाळलेली नाही, असे उत्तर वेलस्लीने दिले. कागदावर ते बरोबरच होते. पण फौज हलवा म्हणायचे आणि सातव्या दिवसाच्या आतच चाल करून जायचे, यात कराराच्या शब्दापेक्षा संधीचा हिशेब अधिक होता, असेच म्हणावे लागेल.

त्या दिवशी दुपारी अडगावच्या पुढच्या नाल्यांनी चिरलेल्या मैदानात भोसल्यांची फौज सुमारे पाच मैलांची रांग धरून उभी होती. सेनापती होते रघूजींचे धाकटे बंधू व्यंकोजी ऊर्फ मन्याबापू. इंग्रजांची आघाडी मैदानात शिरताच भोसल्यांच्या तोफा सुरू झाल्या. असईच्या आगीत न डगमगलेल्या देशी पलटणींपैकी तीन पलटणी पहिल्याच माऱ्यात फुटून मागे पळाल्या. वेलस्लीने स्वतः जाऊन त्यांना आवरले आणि पुन्हा रांगेत उभे केले. आपण त्या जागी नसतो तर दिवस हातचा गेला असता, असे त्याने नंतर एका पत्रात कबूल केले. लढाई प्रत्यक्षात सुरू झाली ती दुपारी साडेचारच्या सुमारास. भोसल्यांच्या पदरच्या पाचशे परदेशी शिपायांनी इंग्रज पलटणींवर निकराचा हल्ला केला आणि ते जवळपास सारे कापले गेले. सूर्य मावळण्यापूर्वीच भोसल्यांची रांग मोडली. अडतीस तोफा इंग्रजांच्या हाती पडल्या आणि घोडदळाने चांदण्यात कित्येक मैल पाठलाग केला. इंग्रजांकडील मृत व जखमी मिळून साडेतीनशेच्या आसपास होते.

गाविलगड

मेळघाटच्या कड्यावर उभा असलेला गाविलगड बहमनी सुलतान अहमदशहा वली याने १४२५ मध्ये बांधविला. दक्षिणेकडून, म्हणजे पायथ्याच्या मैदानाकडून, तो जवळजवळ अजिंक्य. उत्तरेकडून मात्र डोंगराच्या सोंडेवरून त्याला भिडता येते. त्यासाठी तोफा मेळघाटच्या दऱ्याखोऱ्यांतून वर न्याव्या लागत. ७ डिसेंबरला स्टीव्हन्सनची फौज अचलपूरच्या बाजूने डोंगरात शिरली. सुमारे तीस मैलांचा हा रस्ता शिपायांनीच तोडून तयार केला आणि अवजड तोफा हातांनी ओढून नेल्या. ज्या वाटेवरून आज पर्यटकांच्या गाड्या चिखलदऱ्याला जातात, त्याच डोंगराची ही गोष्ट आहे. पाच दिवसांत तोफा उत्तरेच्या तटासमोर लागल्या. वेलस्ली दक्षिणेकडे राहिला.

१२ डिसेंबरच्या रात्री मोर्चे उभे राहिले आणि १४ च्या रात्रीपर्यंत तटाला खिंडार पडले. १५ डिसेंबरला सकाळी दहाच्या सुमारास हल्ला झाला. त्या दिवशी हा चोवीस वर्षांचा वकील छावणीत कागदपत्रे सांभाळत बसला नव्हता. खिंडार चढणाऱ्या तुकडीबरोबर तो स्वतः गेला. कर्नल केनी या तुकडीचा नायक होता. त्याला मरणांतिक जखम झाली. बाहेरचा किल्ला पडला, पण आतला किल्ला तसाच उभा होता आणि त्याच्या तटाला खिंडार नव्हते. शेवटी ९४ व्या पलटणीच्या कॅप्टन कॅम्पबेलने शिड्या लावून तट ओलांडला आणि आतून दरवाजा उघडला. किल्लेदार बेनीसिंग लढताना मारला गेला. त्याच्याबरोबर पडलेल्या शिबंदीतील माणसांची नावे कोणी लिहून ठेवली नाहीत.

एल्फिन्स्टनने आपला धंदा चुकीचा निवडला, तो शिपाई व्हायला हवा होता, असे वेलस्लीने म्हटल्याचे त्याचे चरित्रकार आवर्जून सांगतात. स्तुती म्हणून ती सांगितली जाते, आणि ती आहेही. पण पुढच्या चौदा वर्षांत नागपूर आणि पुणे येथे त्याने जे साधले ते तलवारीने नव्हे, याचे विस्मरण होऊ नये.

देवगावचा तह

गड पडल्यानंतर दोनच दिवसांनी, १७ डिसेंबर १८०३ रोजी, देवगावच्या छावणीत तह झाला. भोसल्यांच्या बाजूने यशवंतराव रामचंद्र यांनी बोलणी केली. रघूजींनी बालेश्वरसह कटक प्रांत इंग्रजांना दिला. त्यामुळे बंगाल व मद्रास या इंग्रज इलाख्यांमधला समुद्रकाठ सलग झाला. इंग्रजांची मुख्य कमाई ती होती. वऱ्हाडच्या वाट्याला दुसरे कलम आले.

त्यापूर्वी वऱ्हाडात दोअंमली कारभार होता. मुलूख नावाने निजामाचा, परंतु वसुलात भोसल्यांचा वाटा. एकाच गावात दोन सरकारांचे कारकून येत. शेतकऱ्याला एकाला दिले तर दुसऱ्याची भीती. तहाने ही दोअंमली मोडली. वर्धा नदी ही सरहद्द ठरली आणि तिच्या पश्चिमेचा, तसेच गाविलगड-नरनाळ्याच्या डोंगररांगेच्या दक्षिणेचा सारा मुलूख भोसल्यांनी सोडला. अपवाद केला तो गाविलगड व नरनाळा या दोन किल्ल्यांचा आणि त्यांच्यालगतच्या चार लाख रुपये उत्पन्नाच्या परगण्यांचा. ते रघूजींकडे राहिले. १८०४ च्या एप्रिलमध्ये हैदराबादच्या करारान्वये सोडलेला मुलूख निजामाला मिळाला. तेरा दिवसांनी, ३० डिसेंबरला, शिंद्यांशी दुसरा तह झाला. त्याच्या नावात सुर्जी-अंजनगाव कायमचे जोडले गेले. तोपर्यंत माल्कम बरा होऊन छावणीत परतला होता.

दोअंमली गेली ही गोष्ट चांगलीच झाली, असे वरवर वाटते. परंतु तिच्या जागी आला तो दूरच्या हैदराबादचा इजारेदारी अंमल. युद्धापाठोपाठ १८०३-०४ चा दुष्काळ होता आणि पेंढाऱ्यांच्या टोळ्या होत्या. ‘वऱ्हाड सोन्याची कुऱ्हाड’ ही म्हण ज्या मुलखाबद्दल आहे, त्या मुलखाची पुढची दोन पिढ्यांची दशा या कलमात ठरली. ते लिहिताना वऱ्हाडातील कोणा देशमुख-देशपांड्याला विचारण्याचा प्रश्न कोणाच्याही मनात आला नाही. त्या काळचे तह असेच होत, हेही खरे.

नागपूरचा रेसिडेंट

दोन्ही सरकारांनी एकमेकांच्या दरबारी वकील ठेवावा, असे देवगावच्या तहाचे एक कलम होते. वेलस्लीने त्यासाठी एल्फिन्स्टनचे नाव सुचविले. १८०४ च्या जानेवारीत तो नागपुरात दाखल झाला आणि १८०८ पर्यंत तेथे राहिला. ज्या राजाचा किल्ला चढून जाताना महिन्यापूर्वी हातात शस्त्र होते, त्याच राजाच्या दरबारात आता मानाचा विडा घ्यायचा होता.

रघूजींची बाजूही समजून घेतली पाहिजे. कटक गेले, वऱ्हाड गेले. त्यात तहाच्या आणखी एका कलमाने जखमेवर मीठ चोळले. युद्धकाळात भोसल्यांच्या ज्या मांडलिकांनी इंग्रजांशी परस्पर करार केले होते, ते करार भोसल्यांनी मान्य करायचे होते. यात संबळपूर व पाटणा हे पूर्वेकडील प्रांत आपल्या हातून निसटणार, याची राजाला तह करताना कल्पना नव्हती. राजाची मान्यता मिळविण्याचे अप्रिय काम नव्या रेसिडेंटकडे आले आणि त्याने ते दडपण आणून पार पाडले. गव्हर्नर जनरल बदलल्यावर, १८०६ मध्ये, कंपनीने हे प्रांत आपणहून रघूजींना परत केले.

एका बाबतीत मात्र राजाने हार मानली नाही. कंपनीची तैनाती फौज नागपुरात ठेवण्यास रघूजींनी अखेरपर्यंत नकार दिला. २२ मार्च १८१६ रोजी त्यांचे निधन झाले आणि त्यानंतर दोन महिने उलटतात न उलटतात तोच आप्पासाहेबांनी तैनाती फौजेचा तह केला. तेव्हा नागपूरचा रेसिडेंट रिचर्ड जेंकिन्स होता.

नागपूरची ती चार वर्षे एल्फिन्स्टनच्या आयुष्यात तुलनेने निवांत गेली. डुकराची शिकार आणि ग्रीक ग्रंथांचे वाचन हे त्याचे दोन छंद. जेंकिन्सशी मैत्री जुळली ती याच काळात. तो रोजनिशी लिहीत असे आणि बनारसपासूनचा मित्र एडवर्ड स्ट्रॅची याला लांबलचक पत्रे पाठवीत असे. वऱ्हाडच्या मोहिमेविषयी आज जे बारकावे कळतात, त्यातील कित्येक या पत्रांतून आलेले आहेत. पराभूतांच्या बाजूने अशी पत्रे लिहिणारा कोणी नव्हता किंवा असल्यास ती आपल्यापर्यंत आलेली नाहीत. अडगावची लढाई इंग्रजांच्याच डोळ्यांनी पाहावी लागते, त्याचे कारण हे आहे.

काबूलची वकिलात, पुण्याची रेसिडेन्सी

१८०८ मध्ये नेपोलियन इराणमार्गे हिंदुस्थानवर येईल, अशी धास्ती कलकत्त्याला वाटू लागली. अफगाणिस्तानच्या शहाशी तह करण्यासाठी वकील धाडायचे ठरले आणि एल्फिन्स्टनची निवड झाली. ऑक्टोबरमध्ये दिल्लीहून निघून बिकानेरच्या वाळवंटातून तो १८०९ च्या फेब्रुवारीअखेर पेशावरला पोचला. शाह शुजाने त्याचे थाटात स्वागत केले. तह झालाही. पण तहावर कलकत्त्याची मोहर उठते न उठते तोच शुजाची गादी गेली. राजकारणाच्या दृष्टीने ही वकिलात फुकट गेली. तिचे खरे फळ म्हणजे १८१५ मध्ये प्रसिद्ध झालेला काबूलच्या राज्यावरचा त्याचा ग्रंथ. एल्फिन्स्टनने काबूल शहर पाहिलेदेखील नव्हते. पेशावरमध्ये भेटलेले मुल्ला, व्यापारी आणि वाटसरू यांना विचारून विचारून त्याने हा ग्रंथ उभा केला.

१८११ मध्ये तो पुण्यास रेसिडेंट म्हणून आला. पुढचा इतिहास सर्वपरिचित आहे. १८१५ च्या जुलैमध्ये पंढरपुरात गायकवाडांचे वकील गंगाधरशास्त्री पटवर्धन यांचा खून झाला. इंग्रजांनी शास्त्रीबुवांच्या सुरक्षिततेची हमी घेतलेली असल्याने एल्फिन्स्टनने त्र्यंबकजी डेंगळे यांना ताब्यात देण्याचा आग्रह धरला. त्र्यंबकजी ठाण्याच्या किल्ल्यात कैद झाले आणि १८१६ च्या सप्टेंबरात तेथून निसटले. १३ जून १८१७ च्या पुणे तहाने बाजीरावांना मराठी राज्याचे प्रमुखपदच सोडावे लागले. ५ नोव्हेंबर १८१७ रोजी एल्फिन्स्टनने संगमावरची रेसिडेन्सी सोडून खडकीची छावणी गाठली. मागे रेसिडेन्सी जाळण्यात आली आणि त्याचा ग्रंथसंग्रह त्यात गेला. तीनच आठवड्यांनी नागपुरात सीताबर्डीची लढाई झाली. पराभूत आप्पासाहेबांनी १८१८ च्या जानेवारीत जो मुलूख सोडला, त्यात गाविलगड आणि नरनाळा हे देवगावच्या तहात वाचलेले किल्लेही होते. १८२२ मध्ये ते निजामाकडे गेले.

पेशवाई बुडाल्यावर एल्फिन्स्टन दख्खनचा कमिशनर झाला आणि १८१९ ते १८२७ या काळात मुंबईचा गव्हर्नर. जुन्या वतनांना व इनामांना शक्य तेथे हात लावू नये, पंचायती चालू ठेवाव्यात, असे त्याचे धोरण होते. ते दयेपोटी किती आणि बंड टाळण्यासाठी किती, यावर अभ्यासकांत एकमत नाही. दोन्ही हेतू असणे अशक्य नाही. १८२१ मध्ये विश्रामबागवाड्यात संस्कृत पाठशाळा सुरू झाली. १८२७ मध्ये मुंबई इलाख्याचे कायदे संहितेच्या रूपाने एकत्र झाले. ब्रिग्ज नावाच्या अधिकाऱ्याने सांगितलेली एक हकीकत या संदर्भात उद्धृत केली जाते. तंबूत छापील मराठी पुस्तकांची चळत पाहून त्याने विचारले, ही कशासाठी? एतद्देशीयांच्या शिक्षणासाठी, आणि आपल्याला युरोपात परत पाठविणारा रस्ताही हाच, अशा अर्थाचे उत्तर त्याला मिळाले.

१८२७ च्या नोव्हेंबरात एल्फिन्स्टनने हिंदुस्थान सोडला. गव्हर्नर जनरलपद देऊ केले असता ते त्याने प्रकृतीच्या कारणास्तव नाकारले. तो अविवाहित होता. १८४१ मध्ये त्याचा हिंदुस्थानचा इतिहास प्रसिद्ध झाला.

वऱ्हाडचे पुढे काय झाले? १८५३ मध्ये निजामाने हैदराबाद कंटिंजंट फौजेच्या कर्जापोटी तो प्रांत कंपनीकडे सोपविला. १९०२ मध्ये वार्षिक पंचवीस लाख रुपयांच्या मोबदल्यात तो इंग्रजांना कायमचा पट्ट्याने मिळाला आणि १९०३ मध्ये मध्य प्रांताला जोडला गेला. वर्धा नदीची जी रेघ देवगावच्या छावणीत ओढली गेली, ती अमरावती व वर्धा या जिल्ह्यांच्या दरम्यान आजही बरीचशी तशीच आहे. गाविलगड १८५८ मध्ये इंग्रजांनी निकामी केला. तात्या टोपे तो घेतील, ही भीती त्यामागे होती. ज्या खिंडारातून एल्फिन्स्टन चढून गेला होता, त्या तटाची ही दशा झाली तेव्हा तो इंग्लंडमध्ये सरे परगण्यातील आपल्या घरी निवृत्त आयुष्य कंठीत होता. २० नोव्हेंबर १८५९ रोजी तेथेच त्याचे निधन झाले.